आईचा गोव्याचा जन्मदाखला

डांबरगोळ्यांचा वास आला की मला आईची हिरवी ट्रंक आठवते आणि तिच्याबरोबर ती दुपार. आई गोव्यात जन्मली, तिथं पोर्तुगिजांचं राज्य असताना. पुढं लग्न होऊन सोलापूरला आली. त्या दुपारी एक एजंट घरी आला. "मावशी, तुम्ही जन्मानं पोर्तुगीज. दाखला द्या, आधी पोर्तुगालात तुमची नोंद करू, मग मुलालाही तिकडचा पासपोर्ट मिळेल." आईनं ट्रंकेतून दाखला काढला, पण हातातून सोडला नाही. "मग माझं हितलं मतदान?" "ते जाईल, भारताचं नागरिकत्वच जाईल. पण त्याचं एवढं काय!" आईनं त्याला आपादमस्तक न्याहाळलं. "मी गोव्याची हाय, हे तुमाला कुणी सांगितलं?" त्यानं नकळत माझ्याकडे पाहिलं. मग आईनंही पाहिलं. चिंचोळी एमआयडीसीतली नोकरी सोडून परदेशी जायचं मी तिला न विचारताच ठरवलं होतं. एजंट गेल्यावर ती एवढंच म्हणाली, "जायचं हुतं तर मला इचारायचं की." मी गेलो नाही. आई जाऊन आता दोन वर्षं झाली. परवा माझ्या मुलानं सहज विचारलं, "आजीचा जन्म नक्की कुठल्या सालचा?" उत्तर देण्याआधी मी बराच वेळ त्याच्या डोळ्यांत पाहत राहिलो.