इनाया हे नाव कुणी ठेवलं

मी पुष्कळ बोलते. तहसीलच्या पायरीवर बोलते, बसस्टँडवर बोलते, माइक बंद पडला तर बिनमाइकचं बोलते. पत्रक लिहायला बसले की एका बैठकीत पान भरतं आणि खाली उद्गारचिन्हांची रांग लागते. पण एक वाक्य आहे — धड एक ओळही भरणार नाही एवढं — ते माझ्या तोंडून कधीच निघालेलं नाही. आईपुढं नाही. ज्यांच्यासोबत पोलिसांच्या गाडीत बसले त्यांच्यापुढंही नाही. तुमच्यापुढं काढणार आहे. लगेच निघेल असं वाटत नाही. जरा वळसा घेते.

माझ्या भावाची धाकटी मुलगी तिसरीत आहे. इनाया. मागच्या महिन्यात शाळेत बाईंनी पोरांना आपापल्या नावाची गोष्ट सांगायला लावली. मी पाहुणी म्हणून गेले होते, खुर्चीवर, हार-बिर घालून. इनाया पुढं आली, दोन वेण्या, हात पाठीमागं, आणि खणखणीत म्हणाली — "माझं नाव इनाया. हे संस्कृत नाव आहे. याचा अर्थ पृथ्वी. मी दुष्काळात जन्मले, म्हणून माझ्या आत्यानं हे नाव शोधून ठेवलं." सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. बाईंनी माझ्याकडं कौतुकानं पाहिलं.

मीसुद्धा टाळ्या वाजवल्या. का? हात कसे उठले माझे?

आता छावणीचं सांगायला पाहिजे, त्याशिवाय पुढं जाता येणार नाही.

आमचं गाव आष्टी तालुक्यात. त्या वर्षी विहिरी खडखडीत, टँकर आला तर आला. गावच्या दूध सोसायटीनं माळावर जनावरांची छावणी उघडली. भाऊ, वहिनी, मोठी पोरगी, दोन गाई, एक म्हैस — सगळा संसार तिकडं गेला. वर हिरवी जाळी, खाली दावण, दावणीशेजारीच चूल. मी तेव्हा बीडला कॉलेजात होते आणि नुकतीच चळवळीत शिरले होते. दर शनिवारी बसनं यायची आणि थेट माळावरच उतरायची.

दुष्काळाची आठवण काढून कुणाला बरं वाटतं का हो? भाषणात मी सांगते, ते दिवस काळे होते. खोटं नाही ते. पण खरं सांगू? मला ते दिवस आठवले की वैरणीतल्या उसाच्या वाढ्यांचा, त्या हिरव्या शेंड्यांचा, गोडसर ओला वास येतो. वैरणीची ट्रॉली आली की सगळ्या बायका पदर खोचून धावायच्या आणि एकमेकींच्या पाठीवर भारे चढवायच्या. पहाटे अख्खा माळ एकदम हंबरायचा. भिंती नव्हत्या, त्यामुळं भांडणं सगळ्यांची, हसणं सगळ्यांचं, आणि एकीच्या चहात दूध नसलं तर शेजारणीची गाय होतीच. मी पुढं कितीतरी सभांत 'एकी' हा शब्द वापरला. पाहिली ती तिथंच.

छावणीच्या तोंडाशी शमीमभाभीचा फळांचा गाडा असायचा. आष्टीच्या बाजारातलं घर, नवरा टेम्पो चालवायचा. दुष्काळात फळं कोण घेणार? पण ती यायची. कलिंगडाच्या साली गाईंना टाकायची, फोड आमच्या हातावर ठेवायची. मी दिसले की लांबूनच ओरडायची — "आली गं बाई लीडरीन! उठा, घोषणा द्या, न्हाईतर रागवंल!" बायका खदखदायच्या. मला राग यायचा आणि आवडायचंही.

वहिनीला दिवस होते. तिचं माहेर पाली, बिंदुसरेच्या धरणाजवळ, पण त्या वर्षी धरणाच्या पोटात शेळ्या चरत होत्या. तिकडं तरी कशाला जायचं, म्हणून ती छावणीतच राहिली. एका दुपारी वैरण टाकताना तिच्या पोटात कळा सुरू झाल्या. भाऊ पेंड आणायला गेलेला. शमीमभाभीनं गाडा तसाच सोडला, नवऱ्याला टेम्पो माळात घालायला लावला, वहिनीला आत निजवलं आणि दवाखाना येईपर्यंत तिचं डोकं मांडीवर धरून बसली. मी? मी बीडला 'ग्रामीण स्त्रीचे आरोग्य' यावर पत्रक लिहीत होते. हसा. मीही नंतर हसले.

पोरगी झाली. दुसरी पोरगी. वहिनी बाळ घेऊन छावणीत परत आली तेव्हा भागूकाकू, माझी चुलती, म्हशीच्या दावणीशी बसून म्हणाली, "नकुसा ठिवा हिचं नाव. मंग तरी देवाला समजंल."

मी उसळले. उसळणारच. नकुसा, नकोशी — पोरीच्या कपाळावर जन्मभराची शिवी लिहिता? असं बरंच बोलले, हात वर करून. भागूकाकूनं सगळं ऐकून घेतलं आणि शांतपणे विचारलं, "मंग काय ठिवायचं? सांग की."

माझ्याकडं नाव नव्हतं. भाषण होतं, नाव नव्हतं.

तेव्हा शमीमभाभी बोलली. बाळाच्या पायावरची माशी हाकलत, खालीच बघत. "मी देऊ का एक? मला तर तिन्ही पोरंच झाले. पोरीसाठी नाव काढून ठेवलं व्हतं, तसंच राह्यलं. आता ऑपरेशन बी झालं. इनाया." मग वर बघून म्हणाली, "इनाया म्हंजे जपणं. कुणीतरी आपल्यावर ध्यान ठेवून हाय, असं."

वहिनीनं ते नाव दोनदा हळूच म्हणून पाहिलं. आणि रडली. बाळंतपणात एकदाही न रडलेली बाई.

तुम्हाला बारसं माहीत आहे. नाव ठेवण्याचा मान आत्याचा. पाळण्याशी वाकून बाळाच्या कानात कुर्र करायचं, नाव सांगायचं, आणि मागं उभ्या बायका आत्याच्या पाठीत धपाधप बुक्के घालतात. बारशाची साडीही आत्याला. वहिनीनं मला बाजूला घेऊन विचारलं, "ताई, औंदा तुमच्या जागी भाभीला बसवू का? तुमाला राग न्हाई ना येणार?"

राग? माझी छाती फुगली. मी स्वतः गाड्यापाशी गेले आणि शमीमभाभीला म्हणाले, कुर्र तुम्ही करायचं. ती म्हणाली, "चल गं, थट्टा करते." मी म्हणाले, माझा शब्द आहे. हो, अगदी असं — माझा शब्द आहे.

बारशाच्या दिवशी छावणीच्या लोखंडी पाइपाला पाळणा बांधला. गाईंच्या शिंगांना गोंडे. शमीमभाभी ठेवणीतली जांभळी साडी नेसून आली होती, डोक्यावर पदर, हातात खारका-खोबऱ्याची पिशवी. वहिनीच्या माहेरचे आले, भागूकाकूचा गोतावळा आला. आणि कुणाच्या ध्यानीमनी नसताना सोसायटीच्या चेअरमनची बायको आली, झबलं-टोपडं घेऊन.

इथं थोडं थांबते.

दोन दिवसांनी आमचा मोर्चा होता. छावणीत जनावरांना वैरण कमी पडत होती. बायका घेऊन मी सोसायटीच्या कचेरीवर जाणार होते. माझा पहिला मोर्चा. चेअरमनबाई पाळण्याशी आल्या, हसून म्हणाल्या, "आत्या कुठंय? बसा की आत्या, खोळंबल्या सगळ्या." आणि माझ्या डोक्यात एकदम सुरू झालं — आता भाभी बसली तर या बाई घरी जाऊन काय सांगतील? पोरगी कुणाच्या मांडीवर नेऊन ठेवते बघा, हिच्या नादी लागू नका, म्हणतील. बायका फुटतील. मोर्चा पडेल.

हे मी पुढं कितीतरी वर्षं स्वतःला सांगितलं. चळवळीसाठी केलं.

पण एक शब्द तरी कुणी बोललं होतं का? नाही. भागूकाकूसुद्धा नाही. निम्म्या छावणीची पोरं भाभीच्या गाड्यावर वाढत होती. चेअरमनबाई फक्त आत्याला हाक मारत होत्या. मला कुणीही अडवलं नव्हतं. जे कुणाच्या तोंडात नव्हतं ते मी आपल्या मनानं त्यांच्या तोंडात घातलं, आणि त्याला भ्याले.

मी बसले. भाभीकडं न बघता पाळण्याशी वाकले. बाळाच्या कानाशी दुधाचा वास. कुर्र केलं आणि म्हणाले, इनाया. मागून बुक्के सुरू झाले, हसणं, बांगड्या, कुणी जोरात, कुणी लटके. त्यात एक हात नुसता टेकला. मारला नाही. टेकला आणि निघाला. मी वळून पाहिलं नाही. पाहायची गरज नव्हती.

एवढ्यावर तरी थांबावं ना?

चेअरमनबाईंनी विचारलं, "नवीनच नाव दिसतंय. कुठून काढलं?" साधा प्रश्न. बारशाला प्रत्येक बाई विचारते. मी म्हणाले, "संस्कृत आहे." शाळेत कधीतरी ऐकलं होतं, इला म्हणजे पृथ्वी. तेवढ्या चिंधीवर मी सबंध गोधडी शिवली — इला, त्यावरून इनाया, पृथ्वी, दुष्काळात धरणीची लेक. छान बोलता येतं मला, सांगितलंच आहे. बायका "आगं बया" म्हणाल्या. भाभी माझ्यापासून हातभर अंतरावर पाळण्याची दोरी धरून उभी होती. तिनं दोरी ओढणं थांबवलं नाही. पाळणा एका लयीत हलत राहिला.

वहिनीनं बारशाची साडी माझ्या मांडीवर ठेवली, माझ्याकडं न बघता. आणि मी काय केलं असेल? ती साडी नेसून मोर्चाला गेले. मोर्चा जोरात झाला, वैरण वाढली. आमच्या पत्रकाचा मथळा होता — छावणीला जात नसते, धर्म नसतो! मीच लिहिलेला. त्याचे गठ्ठे आष्टीहून कुणाच्या टेम्पोतून आले, हे वेगळं सांगायला नको.

आज ते पत्रक डोळ्यांपुढं आलं की त्यातले शब्द दिसतात. हक्क. कायदा. मजूर. जाहीर. माझ्या तोंडचे सगळे लाडके शब्द. ते अरबी-फारसीच्या ज्या वाटेनं आमच्या मुलखात आले त्याच वाटेनं इनाया आली होती. ते शब्द मी चौकात ओरडून वापरले, आणि एका तान्ह्या पोरीच्या नावाला खोटे कपडे चढवले.

मोर्चानंतर वहिनी एकदाच बोलली त्यावर. भाकरी थापता थापता. "ताई, तुमच्या पत्रकात खोटं न्हाई ना छापत?" मी म्हणाले, नाही. ती म्हणाली, "बरं." पुन्हा विषय नाही. नवऱ्याची बहीण मी, शिकलेली, चारचौघांत बोललेली. ती मला खोटी कशी पाडणार होती? पोरीलाही तिनं खरं सांगितलं नाही. माझी लाज तिनं झाकली, म्हणजे माझं खोटं तिला सांभाळावं लागलं.

आणि माझी गोधडी वाढत गेली. गावात आज आणखी दोन इनाया आहेत. त्यांच्या आया ठासून सांगतात, पृथ्वी.

पाऊस झाला, छावणी मोडली. माळावर नुसत्या खुंट्या राहिल्या. शमीमभाभीचा गाडा परत आष्टीच्या बाजारात गेला. वहिनी बाजाराला गेली की तिच्याकडं थांबते, चहा पिते. पोरीला भाभी फळ देते, गाल ओढते. पण मी पाहिलंय — ती तिला छोटी म्हणते. बच्ची म्हणते. बारशापासून तिच्या तोंडून ते नाव मी ऐकलेलं नाही. आपल्या लेकीसाठी जपून ठेवलेलं नाव तिनं दिलं, आणि ते उच्चारायची जागा मी तिच्याकडून काढून घेतली.

शाळेतल्या त्या कार्यक्रमानंतरच्या बाजाराला इनाया माझ्याबरोबर होती. धारूरकडची सीताफळं आली होती. भाभीचे केस पिकलेत, आवाज तसाच — "या लीडरीन!" तिनं एक पिकलेलं सीताफळ फोडून पोरीच्या हातात दिलं. मग काय वाटलं तिला कोण जाणे, पदरानं हात पुसत तिनं विचारलं, "तुझ्या नावाचा अर्थ काय गं, छोटी?"

पोरगी शाळेतल्यासारखी ताठ झाली. "पृथ्वी."

"आन् ठेवलं कुणी?"

"आत्यानं!"

भाभीनं माझ्याकडं पाहिलं. रागानं नाही. वाट बघितल्यासारखं. बाजार होता, गलका होता, आजूबाजूला ओळखीचं कुणी नव्हतं. मोर्चा नव्हता, चेअरमनबाई नव्हत्या. पोरगी बिया थुंकत माझ्या तोंडाकडं बघत होती. ते वाक्य माझ्या जिभेवर आलं होतं — शपथेवर सांगते, आलं होतं.

मी म्हणाले, "सीताफळं कशी दिली, भाभी?"

तिनं तराजू उचलला.

इनायाचं नाव शमीमभाभीनं ठेवलं.