चतुर्दशीला थांबलेला महिना

घरातल्या बाईच्या कपाळावरचं कुंकू किती वर्षं टिकायचं, हे ठरवायचा अधिकार तुम्ही कोणाला दिला आहे? तिला स्वतःला कधी विचारलं आहे का?

माझे वडील गलबतावर खलाशी होते. मी रांगत होते तेव्हा त्यांचं गलबत मंगळुरी कौलं आणायला म्हणून रत्नागिरीचं बंदर सोडून गेलं, ते परतलं नाही. एक फळीसुद्धा किनाऱ्याला लागली नाही. माणूस असा नाहीसा झाला की बारा वर्षं वाट पाहायची, मग पळसाच्या पानांचा पुतळा करून त्याला अग्नी द्यायचा. त्या दिवशी बायको विधवा. तोवर सवाष्ण.

आई किराणा दुकानांसाठी कागदी पिशव्या चिकटवायची. कागद छापखान्यातून यायचा, उरलेल्या पत्रकांची रद्दी. कधी मिठावरची, कधी परदेशी कापडावरची, कधी देवळाचं दार सगळ्यांना उघडा म्हणणारी. मी अक्षरं त्यांवरच शिकले आणि भांडायलाही. पत्रकांची मागची बाजू कोरी असे. तिच्यावर मी कोळशानं एक देश काढला. वडील तिथे आहेत, हे मीच ठरवलं होतं. देशाला पंचांग हवं, हे मात्र आईनं सुचवलं. म्हणाली, "नाहीतर तिथल्या लोकांना गणपती कधी आणायचे ते कळायचं कसं?"

म्हणून आम्ही पंचांग केलं. पेजेचा महिना, शिंपल्यांचा महिना, मोहोराचा महिना. त्या देशाला दोन चंद्र होते. एक गावावरून फिरणारा, आपल्यासारखाच वाढणारा आणि झिजणारा. दुसरा गलबतांचा राखणदार. शेवटचं गलबत बंदराला लागेपर्यंत त्यानं मावळायचं नाही. दोन्ही चंद्र दिसेनासे झाले तरच अमावास्या, आणि अमावास्या झाली तरच महिना संपला. एक गलबत बाहेर होतं, म्हणून मोहोराचा महिना संपेना. तिथी चतुर्दशीला अडली ती अडलीच.

खळीत बोटं बुडवताना आई विचारायची, "आज तिकडे काय गो?"

"चतुर्दशी."

"कालचीच?"

"कालचीच."

"बरं आहे बाई. तिकडच्या भटजींना काम नाही."

आमच्याकडे मात्र वर्षं सरत होती. एका सकाळी थोरले काका भटजींना घेऊन ओटीवर येऊन बसले. काका आईशी थेट बोलत नसत. दाराआड उभ्या असलेल्या आईला ऐकू जाईल असं मला म्हणाले, "आईला सांग, बारा वर्षं भरली. भावाला असं अधांतरी किती दिवस ठेवायचं?"

मी म्हणाले, "आमच्या पंचांगात अजून महिनासुद्धा भरलेला नाही."

भटजी हसले. "छापून घे हो मुली. आम्हीही एक प्रत ठेवू."

काका हसले नाहीत. "तुझ्या पंचांगात अमावास्या कधी?" त्यांनी विचारलं.

"बाबा आले की."

त्यांनी उपरण्यानं तोंड पुसलं. त्यांचाही तो भाऊच होता. हे मला लिहावं लागतं, कारण पत्रकांतला शत्रू नेहमी दगडाचा असतो आणि आमच्या ओटीवरचा तसा नव्हता.

विधीच्या आदल्या दुपारी आई पिशव्या चिकटवतच होती. वर न पाहता म्हणाली, "तिकडे अमावास्या करून टाक गो."

"नाही करणार."

"एका माणसासाठी सगळा देश अडकवलास. किती वर्षं तिथे दिवाळी नाही. पोरं खोळंबली असतील."

"तुला नको असेल तर सांग. मी आत्ता काकांकडे जाते."

"मला कोण विचारतंय?"

"मी विचारतेय."

"तू एकटीच गो," ती म्हणाली, आणि पुढचा कागद घेतला.

पुतळा काकांनी स्वतः बांधला. पळसाची पानं वाळलेली होती, भरकन जळाली. कुंकू आईनं आपल्या हातानं पुसलं, दुसऱ्या कोणाला कपाळाला हात लावू दिला नाही. संक्रांतीला वाडीतल्या बायका हळदीकुंकवाला निघाल्या आणि आमच्या अंगणातून पुढच्या घरी गेल्या. आई अंगणात पिशव्या वाळत घालत होती. त्यांच्या पायांत येऊ नयेत म्हणून तिनं त्या हलक्या हातानं बाजूला ओढून घेतल्या.

तिकडची तिथी तिनं पुन्हा कधी विचारली नाही. मीही अमावास्या केली नाही.

तुमच्या वाडीतही अशी एखादी वाट पाहणारी असेल. तिची वर्षं भरत आली की पळसाची पानं आणायला माणूस पाठवण्याआधी तिच्यासमोर जाऊन बसा आणि तिला हे हवं आहे का, ते विचारा. ती नको म्हणाली, तर पानं झाडावरच राहू द्या. आणि विधी आधीच होऊन गेला असेल, तर येत्या संक्रांतीला हळदीकुंकवाचं पहिलं बोलावणं तिच्या दारी न्या.