आत्याने जोखलेला तारा

माझी आत्या साबणाच्या कारखान्यात अठ्ठावीस वर्षं वास जोडायचं काम करत होती. शाळा आठवीतच सुटलेली. कारखान्यात लागली ती वड्या गुंडाळायला. एक दिवस गुंडाळता गुंडाळता तिने मुकादमाला सांगितलं, आजच्या मालात सुगंध कमी पडलाय. पिंप तपासलं तर खरंच तसं निघालं. पुढच्याच आठवड्यात तिला वासाच्या खोलीत बसवलं. खोलीत एक खिडकी, एक नाजूक तराजू, तीनशे बाटल्या आणि हुंगायच्या कागदी पट्ट्या. नाक सांभाळायचं म्हणून तिने घरी कांदा चिरणं सोडलं. ते काम आतोबांच्या गळ्यात पडलं, आणि त्यांनी ते जन्मभर कुरकुरत का होईना, पण केलं.

मग गंधतारा निघाला. तारा आधीपासून होताच, पण त्याच्याभोवतीच्या वायूत पिकल्या फळांच्या वासाचे पदार्थ आहेत असं वेधशाळेतल्यांना कळलं. तो वास कुणाच्या नाकापर्यंत येणं शक्य नव्हतं. प्रकाश तपासून काढलेला तो अंदाज होता. लोकांना तेवढं पुरलं. दोन वर्षांत ताऱ्यावर गाणी झाली, केसांचं तेल आलं, आमच्याच गल्लीत दोन मुलींना त्याचं नाव ठेवलं गेलं. शहाणीसुरती माणसं संध्याकाळी गच्चीवर नाक वर करून उभी राहायची.

आत्याच्या कारखान्यानेही ‘गंधतारा’ साबण काढला. वास तिनेच जोडला. साबण धडाक्यात खपला, पण त्याचं कौतुक केलं की ती नाक मुरडायची. म्हणायची, गोडगोड काहीतरी कालवलं झालं, त्या ताऱ्याला कुणी विचारलंय?

म्हणूनच विज्ञान केंद्राने ताऱ्याचं दालन करायला घेतलं आणि वासासाठी तिला बोलावलं, तेव्हा तिने पहिल्यांदा आकडे मागितले. संचालक म्हणाले, लोकांना आवडेल असा गोड वास द्या म्हणजे झालं. तिने ते कानाआड केलं आणि वेधशाळेतल्या संशोधक बाईंकडून पदार्थांची यादी प्रमाणासकट घेतली. विषारी दोन वगळून बाकी नऊ तिने तंतोतंत मोजून मिसळले.

पट्टी नाकाशी नेली आणि तिच्या डोळ्यांत पाणी आलं. नुसता झोंबरा आंबट वास. भांडी धुऊन तिने पुन्हा जोडला. तिसऱ्यांदाही तेच.

पुढची बैठक कशी झाली ते मला संशोधक बाईंनीच सांगितलं. त्या म्हणाल्या होत्या की आकडे चौघांनी तपासलेले आहेत. संचालकांनी तोडगा सुचवला, थोडं गोड वाढवा, कोण बघायला जातंय?

“ते मी साबणात केलंय,” आत्या म्हणाली. “इथं नाही करणार.” मग बाईंकडे वळून म्हणाली, “ताऱ्याला कसा वास येतो ते मला ठाऊक नाही. पण ह्या आकड्यांना गोड वास येत नाही. एक तर तुमचा कागद चुकलाय, नाहीतर तुमचा तारा आंबट आहे. काय ते बघा आणि मला सांगा.”

बाई जरा दुखावल्याच. तरी परत जाऊन त्यांनी मुळापासून सगळं तपासलं. नवव्या दिवशी त्या फोन न करता थेट आत्याच्या घरी आल्या. प्रकाशात दोन पदार्थांच्या खुणा अगदी चिकटून पडल्या होत्या, आणि एकाचा वाटा दुसऱ्याच्या नावावर गेला होता. आंबट पदार्थ होता त्याच्या दहापट धरला गेला होता. आतोबांनी चहा ठेवला. आत्या लगेच नवे आकडे उतरवून घ्यायला बसली.

या खेपेला वास गोड आला. पिकल्या फळाचा, आणि मागून किंचित करपट, इस्त्रीखाली राहिलेल्या ओल्या कापडासारखा. संचालकांना तो करपटपणा नको होता. आत्याने साफ सांगितलं, ताऱ्यात आहे तर दालनातल्या कुपीतही राहील.

आकड्यांतल्या चुकीची दुरुस्ती छापायची वेळ आली तेव्हा संशोधक बाईंनी लेखकांमध्ये आत्याचं नाव घातलं. वेधशाळेत कुणीतरी कुरकुरलं, यांना पदवी कुठली?

“मग ही चूक कुठल्या पदवीने पकडली?” बाईंनी विचारलं. नाव राहिलं.

दालन उघडलं त्या दिवशी कारखान्यातल्या गुंडाळणाऱ्या बायका पाळी बदलून आल्या. आत्या कुपीशेजारी उभी राहून एकेकीला बजावत होती, नाक खुपसू नका, हाताने वारं घ्या. त्यांच्यातली सगळ्यात जुनी बाई हुंगून म्हणाली, खरं सांगू, यापेक्षा आपला साबण बरा. सगळ्या हसल्या. आत्याही हसली.

“साबण मी माझ्या मनाने केला,” ती म्हणाली. “हा आहे तसा आहे.”

मग त्यांना ती भिंतीवर लावलेल्या, दुरुस्तीच्या त्या छापील कागदापाशी घेऊन गेली. पाचव्या नावावर तिने बोट ठेवलं आणि ते त्यांच्याकडून मोठ्याने वाचून घेतलं. दोनदा.