बायकांच्या दारावर ‘ए’ सर्टिफिकेट

शेटजींनी माझ्या हातात टॉर्च दिला आणि म्हणाले, "सुमन, अठराच्या आतली एक जरी पोरगी आत दिसली, तर आपलं लायसन गेलं समज." मी मान हलवली. अठरा म्हणजे दिसतं कसं, ते त्यांनी सांगितलं नाही, मीही विचारलं नाही.

आमच्या टूरिंग टॉकीजचा तंबू तेव्हा शेलूबाजारला लागला होता. पन्नास सालानंतरची गोष्ट, वाशिम अजून अकोला जिल्ह्यात होतं. तंबूत मधोमध कनात बांधायची, एका बाजूला पुरुष, दुसऱ्या बाजूला बायका. बायकांच्या दारावर बाईच लागे, ती मी. डोअरकीपर म्हणत. तिकीट फाडायचं, जागा दाखवायची, रडणारं पोर बाहेर न्यायचं.

मी अनसिंगची. लग्नाच्या दुसऱ्याच वर्षी नवरा पटकीनं गेला. सासरी नको झाले, माहेरी भावाला जड झाले. हे काम सुटलं असतं तर जायला ठिकाण नव्हतं. आणि खरं सांगू का, कामापेक्षाही मला ती कनातीच्या आतली जागा हवी होती. तीन तास बायकांच्या घोळक्यात बसायला मिळे. कोणीतरी आपलं पोर माझ्या मांडीवर टाकून डोळे पुसत बसे. विधवेच्या मांडीवर उजेडात कोण पोर ठेवतं? अंधारात ठेवतात.

तर सेन्सॉरचं सांगते. सिनेमा दाखवण्याआधी सरकारचं मंडळ तो पाहतं, नको ते कापायला लावतं, मग सर्टिफिकेट देतं. सिनेमा लागला की पडद्यावर पहिला दिसतो तो हाच कागद. त्यावर ‘यू’ असेल तर सगळ्यांना मोकळीक. ‘ए’ असेल तर फक्त अठराच्या वरच्यांना. आमच्याकडे तोवर देवादिकांचेच सिनेमे यायचे, सगळे ‘यू’. हा पहिलाच ‘ए’. राजकारणावरचा होता, एका पुढाऱ्याचा आणि त्याच्या निवडणुकीचा. ऑपरेटर सांगायचा, कापून कापून दोन रिळं पार आखूड झालीत. एवढं कापूनही वर ‘ए’ ठोकलाच.

आता आमच्याकडे बाईचं वय कोणाला ठाऊक? विचारलं की एक म्हणे सासूले विचार, दुसरी म्हणे तुले वाटते ते लिहून घे. मी चेहरे पाहून आत सोडत होते. चाळीसेक बायका गेल्या असतील. त्यांतल्या चारपाच जणींचा मला संशय होता, पण तोंडावर पदर घेऊन त्या शिरल्या.

मग एक सासू-सून आल्या. सुनेच्या काखेत तान्हं पोर. सुनेचे गाल अजून शाळेतल्या मुलीसारखे. मी तिला अडवलं. सासू माझ्यावर खेकसली, "लेकरू काखेत हाय, अन् तू तिलेच लेकरू म्हन्तं?"

मी म्हटलं, मावशी, सरकारचा नियम आहे.

"लग्नाच्या वक्ती कुठी गेलता तुहा सरकार?"

मी हटले नाही. सून वळली आणि बाहेर सोडलेल्या बैलबंडीत जाऊन बसली. सासू आत गेली.

खेळ सुरू व्हायच्या आत ठाणेदार आले. ‘ए’ लागला म्हणून तपासणी. शेटजी पुढं पुढं करत होते, आमची बाई फार कडक आहे, आत्ताच एकीला परत पाठवलं, असं सांगत होते. ठाणेदारांनी मला वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि वय विचारलं. मी वीस सांगितलं. शेटजींना वाटलं, अजून छाप पाडावी. नोकरांचे सगळे कागद आहेत म्हणाले आणि फाइल घेऊन आले. फाइलीत माझा शाळेचा दाखला. मी चौथी पास, तिकिटावरचं वाचता येतं म्हणून तर ठेवली होती. दाखला शेटजींनी घेतला होता, वाचला मात्र नव्हता.

ठाणेदारांनी बोटांवर हिशेब केला. "शेट, ही तं सतराची हाय."

"साहेब, ते नोकर हाय. शिनेमा नाई पाहत ते."

"मंग काय डोये बांधून बसते?"

आत माझ्याहून लहान चारपाच तरी आहेत, हे माझ्या ओठावर आलं होतं. पण ते बोलले असते तर लायसन गेलं असतं आणि त्याबरोबर मीही. एवढंच म्हटलं, "साहेब, आतल्या बायांचं वय कोणी पाह्यलं?"

"त्याइचा कागद कुठी हाय?" ते शांतपणे म्हणाले. "तुहा हाय."

शेटजींनी विजेचं इंजिन चालवणाऱ्याच्या म्हाताऱ्या मावशीला माझ्या जागी आत बसवलं. मी कनातीबाहेर. तो सिनेमा असेतोवर तिकीट बाहेरच फाडायचं ठरलं.

समोर बंड्यांची रांग होती. ती सून पोराला थोपटत बसलेली. तिनं मला पाहिलं आणि पाठ फिरवली. वाटलं, जाऊन सांगावं, बाई गं, मीही बाहेरच आहे. दोन पावलं गेलेही. पण मीच तिला हाकललेलं. कोणत्या तोंडानं जाणार? परत येऊन कनातीला टेकून उभी राहिले. आतून पुढाऱ्याचं भाषण ऐकू आलं, बायकांचं हसू आलं, मग सनई वाजली.

खेळ सुटला. ती सासू बाहेर आली ती डोळे पुसत. मी विचारलं, मावशी, असं काय होतं त्यात?

"काई नाई व माय. त्या पुढाऱ्यानं मतासाठी आपली पोरगी म्हाताऱ्याले देऊन टाकली. पंधरा वर्साची होती." मग ती बंडीपाशी गेली आणि सुनेच्या मांडीवरचं झोपलेलं पोर स्वतःकडे घेतलं.

शेटजींनी मला काढलं नाही. सिनेमा बदलला, मी पुन्हा आत आले. पुढं बायकांच्या दारावर अर्धं आयुष्य गेलं, पण तो सिनेमा मला पाहायला मिळाला नाही, फिरून आमच्याकडे आलाच नाही. कायद्याला वय दिसत नाही, कागद दिसतो. कामावर नवीन पोरगी आली की मी तिला पहिलं हेच सांगायची, दाखला आपल्या पेटीत ठेव, मालकाच्या फाइलीत देऊ नको.