परत आलेली कळशी

फोन सकाळी आला तेव्हा मी भाकरी थापत होते. शहरातल्या पुंडलिकनगरहून माझी धाकटी जाऊ लता बोलत होती, म्हणजे बोलत नव्हतीच, नुसती रडत होती. मग शेजारच्या कोणीतरी फोन घेतला आणि सांगितलं, सोपान भाऊजी गेले... चहा पिऊन टँकर काढायला उठले, दारातच खाली बसले, ते बसलेच. माझी तव्यावरची भाकरी करपून गेली.

दहाव्याला लांबलांबून कबड्डीचे जुने खेळाडू आले, भाषणं झाली. कोणी त्यांना वाघ म्हणालं. मला चारचौघांत बोलता येत नाही. मी मागे पदर सावरून बसले होते आणि मनात म्हणत होते, वाघ कुठला, हा तर मेंढरं धरणारा पोरगा. ते सांगायचं राहिलं, म्हणून लिहिते.

मी लग्न होऊन देवगाव रंगारीला आले तेव्हा सोपान भाऊजी, माझे धाकटे दीर, शाळेत जात होते. आमची घरची मेंढरं. लोकर कातरायच्या दिवशी मेंढरू धरून आणायचं काम त्यांचं. कळपात वाकून शिरायचे, मागच्या पायाचा घोटा धरायचे आणि मेंढराला न आपटता अलगद खाली बसवायचे. पुढे कबड्डीत त्यांची घोट्याची पकड जिल्ह्यात गाजली. लोक विचारायचे, पोरगा कोणत्या गुरूकडं शिकला? सासूबाई म्हणायच्या, "गुरू कशाचा! आमच्या काळ्या मेंढीनं शिकवलं त्याला. लई लाथा खाल्ल्यात तिच्या."

बायकांनी मैदानावर जायची रीत नव्हती, त्यामुळे मी त्यांचा एकही सामना पाहिला नाही. पण मैदान आमच्या घरामागेच. चुलीपाशी बसून मी सगळं ऐकायचे. भाऊजी चढाईला गेले की गाव गप्प व्हायचं. मग एकदम ओरडा उठायचा, म्हणजे गडी मारून परत आले. संध्याकाळी कोपरं सोलून घरी यायचे, मी हळद गरम करून वाटी पुढे सरकवायचे. तालुक्याच्या संघात गेले, मग जिल्ह्याचे कर्णधार झाले, तरी ती वाटी चुकली नाही.

चैत्रात गावची यात्रा, आणि यात्रेत कबड्डी. आदल्या संध्याकाळी घरटी एक कळशी पाणी मैदानाला द्यायचं. बायकांनी कळश्या कडेला ठेवून परतायचं, पुरुषांनी ओतायचं. माती मऊ झाली की पडणाऱ्याला लागत नाही.

भाऊजी कर्णधार असतानाच एका वर्षी दुष्काळ पडला. विहिरी तळाला गेल्या, टँकर आला की भांडणं व्हायची. सासरे मेंढरं चारायला गंगाथडीला, गोदावरीच्या काठी गेलेले. आणि नेमकं तेव्हाच वाळूजच्या एका कारखान्यानं भाऊजींना संघाच्या निवडीला बोलावलं, यात्रा झाली की लगेच. निवड झाली तर कायमची नोकरी. घरात सगळ्यांचा जीव त्या एका गोष्टीत अडकला होता.

यंदा मैदानाला पाणी नाही, असं गावानं ठरवलं होतं. तरी संध्याकाळी बायका कळश्या घेऊन निघाल्याच. कोणी कोणाला सांगितलं नव्हतं. पोराचे हातपाय धड राहायला पाहिजेत, एवढंच सगळ्यांच्या मनात. मीही घरात भरलेली होती ती एकच कळशी ठेवून आले.

भाऊजींनी कळश्यांच्या त्या ओळीकडे पाहिलं आणि एकेक कळशी खांद्यावर घेऊन घरोघर परत पोचवली. शेजारची गऊआजी भांडायलाच उठली. "मेल्या, उद्या हाड मोडलं तर कोण देतंय नोकरी? वत ते पाणी!"

"आजी, ठेव ते. बिनआंघोळीची यात्रेत आलीस तर देव पळून जाईल."

"मर, मुडद्या," म्हणत आजीनं कळशी घेतली, पण हसली.

शेवटची कळशी माझी होती. मी म्हणाले, "भाऊजी, मग उद्या खेळू नका. जमीन दगड झालीय."

"व्हय वहिनी. पण गावासाठी नाय खेळलो, तर तिकडं कोणत्या तोंडानं खेळू?"

मी कळशी घेतली आणि आत गेले.

दुसऱ्या दिवशी मी चुलीपाशीच होते. मोठ्ठा धप्प आवाज आला आणि त्यानंतर ओरडा उठलाच नाही... गाव जिंकलं, पण भाऊजींना चौघांनी उचलून आणलं. गुडघा फिरला होता. तो पुढे कधी नीट वाकला नाही. निवडीला ते गेलेच नाहीत.

मग शहरात जाऊन पाण्याचा टँकर चालवायला लागले. शहर फुलंब्रीच्या रस्त्यानं पसरत होतं, शेतांचे प्लॉट होत होते, आणि नव्या कॉलन्यांत नळाच्या आधी टँकर पोचायचा. क्लच दाबताना गुडघा ठणकायचा, पण बोलायचे नाहीत. लता सांगायची, "टँकर गळताना दिसला की हे भर रस्त्यात गाडी थांबवून चिंधी बांधत बसतात. मागचे वरडतात, 'ओ नवाब, गाडी हटाव ना!' यांना ऐकूच येत नाय."

एक गोष्ट विचारायची माझ्या मनात कायम होती. गेल्या दिवाळीत पुंडलिकनगरला गेले तेव्हा भाऊजी पाय स्टुलावर ठेवून टीव्हीवर कबड्डी बघत होते. "आता गादीवर खेळतात, वहिनी. मजा हाय पोरांची." तेव्हा मला धीर आला. विचारलं, "भाऊजी, त्या दिवशी पाणी वतू दिलं असतं तर... पस्तावा होतो का?"

त्यांनी टीव्हीचा आवाज बारीक केला आणि म्हणाले, "एका कळशीचा होतो. तुमच्या. बाकीच्यांनी शिव्या दिल्या, मोकळ्या झाल्या. तुम्ही नुसती उचलली अन् आत गेलात. लई दिस बोलला नाहीत. तेवढी एक वतायला पाहिजे होती."

तेच आमचं शेवटचं बोलणं.

परवा यात्रा झाली. यंदा विहिरींना पाणी आहे. आदल्या संध्याकाळी बायका निघाल्या, तशी मीही माझी पितळी कळशी घेऊन निघाले. बूड चेपलंय तिचं, पण तीच आहे. कडेला ठेवून परतायचं होतं. माझे पाय थांबले नाहीत. मैदानाच्या मधल्या रेघेपर्यंत गेले आणि स्वतःच्या हातानं सगळं पाणी ओतलं. पुरुष बघत होते. रिकामी कळशी तिथंच ठेवून घरी आले आणि चुलीपाशी बसले.

अंधार पडेपर्यंत माझं लक्ष मैदानाकडच्या मागच्या दाराकडे होतं. शेवटी मीच उठले आणि जाऊन कळशी घेऊन आले.