साहेबराव मास्तरांची काडी

तीर्थपुरीचे साहेबराव लग्नाच्या बँडचे मास्तर. आयुष्यभर क्लॅरिनेट वाजवलं आणि कधी गोंधळले नाहीत. १९८९ साली काकासाहेब गुरुजींच्या टीव्हीवर त्यांनी युरोपातल्या एका छोट्या देशाचा राष्ट्रीय वाद्यवृंद पाहिला आणि तिथून सगळं बिघडलं.

शंभरेक माणसं बसून वाजवत होती. त्यांचा मास्तर मात्र काहीच वाजवत नव्हता. लोकांकडे पाठ करून काडी हलवत होता. निवेदिका म्हणाली, देश स्वतंत्र झाला तेव्हा संसद बांधायच्या आधी हा वाद्यवृंद उभा राहिला आणि देशाला आवाज मिळाला.

"गुरुजी, आपला बी देश स्वतंत्र झाला. आपला कुठंय?"

गुरुजी भूगोल शिकवत. विचार करून म्हणाले, "पोलिसांचा बँड आहे की."

"तो कुठं बसून वाजवतो?"

गुरुजींनी टीव्ही बंद केला.

दुसऱ्या दिवशी साहेबरावांनी भिवाला, म्हणजे दुय्यम क्लॅरिनेटवाल्याला, सांगितलं, "आता चाल तू वाजवायची. मी काडी धरतो."

"न वाजवता तुमी मास्तर कसे?"

"तेच मला बी कळून न्हाई राह्यलं."

अकरा वादकांनी मुदत दिली: एक वरात. जमलं नाही तर मास्तरांनी मुकाट क्लॅरिनेट तोंडाला लावायचं.

वरात घनसावंगीची. वाद्यवृंद बसतो, वरात चालते, हा फरक साहेबरावांना तिथं कळला. वादकांकडे तोंड ठेवायचं तर रस्ताभर उलटं चालणं आलं. सुतकाचं घर आलं की बँड थांबतो आणि तो थांबवायचा मास्तरांनीच, हा रिवाज. वाटेवर केशरबाईंचं घर होतं; त्यांचे मालक नुकतेच वारले होते. ओट्यावर बसलेली माणसं भिवाला दिसली, पण काडी चालूच होती, म्हणून तोही वाजवत राहिला. साहेबरावांची पाठ ओट्याला टेकली तेव्हा काडी थांबली. बँडही तिथल्या तिथं थांबला.

केशरबाई उठल्या. आता शिव्या पडणार, यात कोणाला शंका नव्हती.

"साहेबराव, काडीनं कोणाला हाणून राह्यला?"

"चुकलं, मावशी. मागचं दिसलं न्हाई."

"चुकलं ते चुकलं. आता अर्धं गाणं दारात टाकून जातो का? पुरं कर!"

तिकडून नवरदेवाचा मामा ओरडला, "अहो बँडवाले, मुहूर्त चालला!"

"वाजवू का नको, मास्तर?" भिवानं विचारलं. अकराही जण पहिल्यांदाच काडीकडे बघत होते. साहेबरावही काडीकडेच बघत होते. घोडी पुढं निघून गेली.

शेवटी काडी उठली, अगदी सावकाश. नाचायचं गाणं कोणी इतकं संथ वाजवलं नसेल. केशरबाईंनी पदर तोंडावर घेतला. रडत होत्या की हसत होत्या, ते कळलं नाही.

वरात बँडशिवायच मांडवात पोचली, म्हणजे जमलं नाही. पुढच्या हंगामात साहेबरावांनी वरातीत क्लॅरिनेट धरलं, तोंड रस्त्याकडे. पण सुतकाच्या घरांतून आता बोलावणी येऊ लागली: "मास्तर, तेवढी काडी घेऊन या." तिथं वादक सतरंजीवर बसत आणि मास्तर उभे राहत. आपण नेमके काय झालो आहोत, हे अकरा जणांपैकी कोणालाच सांगता येत नव्हतं. मास्तरांना तर नाहीच.