पाचवी गोळी

रशीदभाईंच्या शबानाचा फोन आला तेव्हा मी लातूरच्या वर्कशॉपमध्ये पंपाची मोटर उघडून बसलो होतो. "काका, अब्बा गेले सकाळी," एवढंच ती म्हणाली. हाताला ग्रीस होतं म्हणून फोन मानेत धरला होता... तो तसाच धरून बसलो. तीन वर्षं रशीदभाईंचं नि माझं बोलणंच नव्हतं.

नांदेडला रशीदभाईंचं घड्याळदुरुस्तीचं दुकान होतं, वडिलांपासूनचं. आमची ओळख झाली लातूरजवळच्या मुरुडच्या रायफल क्लबात. नेम त्यांचाही माझ्यासारखाच बेताचा. पण कुणी रायफलीवर भारी दुर्बीण बसवली, की पारख करायला लोक त्यांनाच बोलवत. आल्याबरोबर ते कंपनीच्या नावावर कापडी पट्टी चिकटवायचे. "नाव वाचलं की डोळा लाचार होतो," म्हणायचे. मग लांबच्या पाण्याच्या टाकीवरची अक्षरं काचेच्या कडेपर्यंत स्वच्छ दिसतात का ते बघत. खरी परीक्षा त्यानंतर. पहिली गोळी मधोमध. मग दुर्बिणीच्या चकतीनं नेम वीस क्लिक, म्हणजे वीस खटके, उजवीकडे सरकवून दुसरी, वीस वर करून तिसरी, वीस डावीकडे चौथी, वीस खाली पाचवी. चौकोन फिरून पाचवी गोळी पहिलीच्याच भोकात यायला हवी. क्लिक आम्ही मोठ्यानं मोजायचे, हा त्यांचा दंडक. पाचवी जागेवर बसली की ते फक्त होकाराचं "हाव" म्हणत. त्या एका शब्दासाठी आम्ही उन्हात तासभर पालथे पडून राहायचो.

माझी परदेशी दुर्बीण आली तेव्हा मला दम निघेना. रशीदभाईंची वाट न बघता मीच ती रायफलीवरच्या लोखंडी कड्यांमध्ये बसवली, स्क्रू आवळले. माझ्या हातचा बोल्ट सुटत नाही, ही माझी गावभर ख्याती. रविवारी क्लबातले सगळे जमले. चार गोळ्या झाल्या. पाचवी पहिलीपासून दोन बोटं लांब पडली. पुन्हा केलं, पुन्हा तेच. रशीदभाईंनी कड्यांवरून अंगठा फिरवला. मग म्हणाले, "काच लई उमदा हाय दिगंबरराव. पण भरवसा न्हाई."

माझं डोकं फिरलं. त्यांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन नुकतंच झालेलं. मी सगळ्यांदेखत बोलून गेलो, "काचेत खोट नाही भाई, तुमच्या डोळ्यात आहे."

"हाव, तसंबी असंल," ते म्हणाले, आणि कापडी पट्टी काढून खिशात ठेवली. पुन्हा ते क्लबात आले नाहीत. मीही नांदेडला गेलो नाही. गोळी चुकली की वाऱ्याला शिव्या देत राहिलो.

चाळिसाव्या दिवसाच्या दुव्याला मात्र गेलो. दुकान बंद होतं. शबानानं कुलूप काढून दुकानाच्या खणातली एक पुडी आणून दिली. वर माझं नाव, आत स्क्रू आवळायचा एक छोटा पेचकस. त्याची मूठ कापून इतकी आखूड केलेली की दोन बोटांतच कशीबशी धरता यावी.

"अब्बांनी त्याच रविवारी घरी येऊन बनवला," ती म्हणाली. "म्हणले, दुर्बीण चांगली हाय त्यांची, हात जड हाय. कडी आवळून आवळून आतलं सगळं जाम करून टाकलंय. मी म्हणलं, मग तिथंच सांगायचं की. तर म्हणले, ज्याच्या आवळण्यावर गाव भरवसा ठेवतं, त्याला चार लोकांत कसं सांगू? येतील ते, तवा देतो."

तीन वर्षं तो पेचकस दुकानाच्या खणात माझी वाट बघत होता. नांदेड काही विलायत नव्हती. मी गेलो नाही, एवढंच खरं.

परवा क्लबात एकटाच गेलो. कडी सैल केली. दुर्बिणीच्या नळीवर वळ उठले होते. रशीदभाईंच्या पेचकसानं दोन बोटांनी, लागेल तेवढंच आवळलं. कंपनीच्या नावावर पट्टी चिकटवली. खाली पडून वीस-वीस क्लिक मोठ्यानं मोजले. ऐकायला कुणी नव्हतं, तरी मोजले.

पाचवी गोळी पहिलीच्या भोकातून गेली. मी उठलो नाही. डोळा काचेलाच लावून तसाच पडून राहिलो... मागून "हाव" येईल म्हणून.